शाळेच्या फाटकासमोरची पिवळी वर्तुळं

रस्त्यावर कुत्र्याची घाण दिसली की भोवती पिवळ्या रंगाचं वर्तुळ मारायचं, म्हणजे मालकाला लाज वाटेल, ही नगरपालिकेतल्या कुणा शहाण्याची अक्कल. मालकांना कसली लाज! फक्त येणारे-जाणारे वर्तुळं चुकवत चालायला शिकले. पण ती स्वच्छता निरीक्षक होती, तेव्हा रंगाचा डबा घेऊन इमानेइतबारे फिरत राहायची.

तिच्या जुन्या शाळेच्या फाटकासमोर मात्र वर्तुळांची दाटी झाली. रोज एक नवं. मुलं बरबटलेल्या बुटांनी वर्गात शिरत आणि मुख्याध्यापिका फोन करकरून डोकं खात. शेवटी एका दुपारी ती समोरच्या झेरॉक्सच्या दुकानात दबा धरून बसली. सापडू दे, चांगलं फैलावर घेते, असं तिनं ठरवलं होतं.

स्वच्छतेचा हा कडकपणा बाबांकडून आलेला. घाण उचलायला कागदाच्या पुड्या करून खिशात ठेवल्याशिवाय ते भोपळ्याला, म्हणजे त्यांच्या लठ्ठ कुत्र्याला, कधी बाहेर नेत नसत. आता दादा म्हणत होता, बाबांनी एकटं राहू नये, माझ्याकडे यावं. पण त्याच्या इमारतीत कुत्रा चालत नव्हता. बाबा ठणठणीत आहेत, भोपळ्याला तोडलंस तर हाय खातील, असं तिनं त्याला ठणकावलं होतं. आज रात्री तो शेवटचं विचारणार होता.

शाळा सुटायच्या जरा आधी कोपऱ्यावरून भोपळ्या आला. मागोमाग बाबा.

भोपळ्यानं फाटकासमोर बसून घाण केली. आता बाबा वाकतील, ती मनात म्हणाली. बाबांनी फुगलेल्या खिशातून एक पुडी काढली, उलटसुलट करून पाहिली आणि परत ठेवून दिली. मग ते फाटकाकडे बघत उभे राहिले.

 ती रोज संध्याकाळी त्यांच्याकडे जायची. तेव्हा ते चहा करायचे, तिची टिंगल करायचे. दुपारचे बाबा तिनं पाहिलेच नव्हते.

ती रस्ता ओलांडून जवळ गेली. तिची वर्दी पाहून ते अदबीनं बाजूला सरकले.

"दंड करायचा तर करा बाई," ते म्हणाले, "पण जरा थांबा. मुलगी सुटेल आत्ता. मी दिसलो नाही की रडते ती."

घंटा झाली. मुलं लोंढ्यानं बाहेर पडली आणि बाबा एकेक चेहरा शोधत राहिले. गर्दी विरळ झाली तसे त्यांचे ओठ थरथरू लागले. तिला ते बघवेना. तिनं टोपी काढली, त्यांच्या खिशातली पुडी घेऊन घाण उचलली, कचऱ्याच्या डब्यात टाकली आणि त्यांच्यासमोर उभी राहिली.

"बाबा, मी आले."

त्यांनी वाकून तिचा चेहरा निरखला.

"किती गं उशीर! दप्तर कुठंय?"

"आत राहिलं."

"असू दे. उद्या आणू."

त्यांनी तिचं मनगट घट्ट धरलं, दोन्हीकडे नीट पाहिलं आणि तिला सांभाळून रस्ता ओलांडून नेलं. भोपळ्या पुढे चालत होता. घरी पोचल्यावर दादाला आपणच फोन करून हो म्हणायचं, हे तिला कळून चुकलं होतं. घर लवकर येऊ नये असं तिला वाटत होतं.