गॅलरीतून सोडलेली टोपली

मी टोपली बोलतेय. पुढे पुढे करायची मला सवय नाही. माझा जन्म सगळा वर-खाली करण्यात गेला. पण हल्ली कैरोत जो उठतो तो भाषण ठोकतो. मग मीच तेवढी मूग गिळून का बसू?

माझं माहेर फय्यूमचं. खजुराच्या पातींतून एका म्हातारीने मला विणलं. विणता विणता ती सुनेला शिव्या घालत होती, त्यामुळे माझी वीण घट्ट आणि जीभ तिखट. बाजारात हाज्जा इकरामने मला उलटी केली, बुडावर चापट्या मारल्या, दुकानदारापुढे मला यथेच्छ नावं ठेवली आणि मग काखोटीला मारून घरी आणलं.

हाज्जा तिसऱ्या मजल्यावर राहते. जिना असा, की चढताना अल्ला आठवावा आणि उतरताना गुडघे. तिचे गुडघे हजची यात्रा करून आल्यापासून जे रुसले ते रुसलेच. तिने माझ्या कानांना दोरी बांधली, आणि मी तिचे पाय झाले.

रोज सकाळी गॅलरीतून हाक जायची, "मुअल्लिम बशंदी! मुलुखियाची भाजी आहे का? कालच्यासारखी म्हातारी नको!"

खाली बशंदीचं भाजीचं दुकान; दुकानदाराला आमच्याकडे मानाने मुअल्लिम म्हणतात. तो मान वर करून म्हणायचा, "हाज्जा, भाजी कोवळीच होती हो. तुमच्या आवाजाने वाळली!"

सगळी गल्ली हसायची. माझ्यातून भाजी वर यायची, गरम रोट्या यायच्या, औषधवाल्याकडून हाज्जाच्या साखरेवरची इंजेक्शनं यायची. रमजानात कतायफ यायचे, पाकात निथळणारे. कुणाच्या घरी काय शिजतंय आणि कुणाचं काय बिनसलंय, हे मला पोलिसांच्या आधी कळायचं.

मग विकास आला. पिवळी टोपी घालून आला. साहेब लोकांनी गाडीच्या टपावर नकाशा पसरला, आमच्याच गल्लीचा चहा प्याले आणि आमच्याच गल्लीवरून रेघ ओढली. बशंदीच्या दुकानाच्या जागी उड्डाणपुलाचा एक खांब आला, औषधवाल्याच्या जागी दुसरा. आम्हाला कोणी विचारलं नाही. टोपलीचं सोडा हो, माणसांनाही नाही.

एका साहेबाने वर बघून हाज्जाला मोठ्या कौतुकाने सांगितलं, "आता विमानतळ दहा मिनिटांवर आला समजा, हाज्जा!"

"मला मेलीला विमानतळ काय करायचाय? माझी भाजी कुठून येणार ते बोल की!"

साहेब हसले. उत्तर येत नसलं की साहेब लोक हसतात, हे मी तेव्हा शिकले.

पूल वाढत वाढत आमच्या गॅलरीच्या उंचीला आला आणि तिथेच स्थिरावला. मधे हात-दीड हाताची फट. फीत कापली, बँड वाजला, पहिल्या दिवशी गाड्या सुसाट पळाल्या. मग हळूहळू सगळ्या शहराने आपापल्या गाड्या त्याच पुलावर आणून उभ्या केल्या. पूर्वी लोक जमिनीवर खोळंबायचे, आता हवेत खोळंबायला लागले. प्रगती म्हणतात ती हीच असावी.

मी मात्र खिळ्याला लटकले. खाली सोडावं तर खाली कोणी उरलं नव्हतं, भाडेकरू धुराला कंटाळून केव्हाच पांगले होते. हाज्जाने माझ्यात कांदे भरून ठेवले. ज्या टोपलीने गल्ली गाजवली तिच्या नशिबी कांदे! फार वाईट वाटलं मला, खोटं कशाला सांगू?

हाज्जाचा मुलगा रिफअत वाळवंटातल्या नव्या शहरात घरं विकणाऱ्या कंपनीत आहे. शुक्रवारी तो इंजेक्शनं घेऊन यायचा आणि तेच तुणतुणं वाजवायचा.

"आई, चल आता. तिथे लिफ्ट आहे, हिरवळ आहे, फाटकावर पहारेकरी आहे."

"त्याच्याशी भांडता येतं का?"

"पहारेकऱ्याशी कशाला भांडायचं?"

"मग दिवसभर मी करू काय तिथे?"

चेष्टेत बोलायची, पण पोटात भीती होती. या घरात ती नवरी म्हणून आली, इथेच तिने नवऱ्याचे डोळे मिटवले. तिला इथून हलायचं नव्हतं. पण राहायचं तर घरात चार घास आले पाहिजेत, वेळेवर सुई आली पाहिजे. तेवढं जमलं तर घर, नाहीतर रिफअतची हिरवळ.

आणि एका संध्याकाळी गॅलरीसमोरून आवाज आला, "मुलुखिया! कोवळी मुलुखिया!"

खोळंबलेल्या गाड्यांच्या मधून, गळ्यात भाजीच्या पाट्या अडकवून, बशंदी चालला होता! खांबाने दुकान गिळलं तर पठ्ठ्याने पुलावरच धंदा मांडला. गाड्या हलतच नव्हत्या, गिऱ्हाईक पळून जाईल कुठे?

"मुअल्लिम, अरे तू वर आलास?"

"हाज्जा, तुम्ही खाली येत नव्हता, म्हणून सरकारने मलाच तिसऱ्या मजल्यावर आणून सोडलं!"

हाज्जाने कांदे जमिनीवर ओतले, मला कपडे वाळत घालायच्या काठीला बांधलं आणि फटीवरून पलीकडे सरकवलं. बशंदीने भाजी घातली, वर एक लिंबू टाकलं. त्या दिवशी हाज्जा किती दिवसांनी मनापासून भांडली.

चांगलं चाललं होतं. मग एका सकाळी उजाडलंच नाही. हाज्जाने दार उघडलं तर गॅलरीपुढे या टोकापासून त्या टोकापर्यंत जाडजूड कापड ताणलेलं. तिने रिफअतला फोन लावला.

"अरे, इथे अंधार झालाय."

"ढग असतील, आई. कामात आहे, मग बोलतो."

कैरोत ढग! पोटच्या पोराने आईला असं सांगावं? आणि घरं विकायचा हंगाम म्हणून दोन शुक्रवार तो फिरकलाही नव्हता. इंजेक्शनं संपली होती. दुसऱ्या दिवसापासून हाज्जाच्या तोंडाला कोरड पडली, पाणी पिऊन तहान भागेना, उभं राहिलं की भिंत धरावी लागे. तिसऱ्या दिवशी दुपारी तिने पुन्हा फोन केला, तेव्हा तिच्या आवाजाने तो घाबरला. इंजेक्शनं घेऊन निघाला, घाईत एरवीचा खालचा रस्ता सोडला आणि आमच्या सुप्रसिद्ध पुलावर येऊन अडकला.

फोन वाजला. "आई, मी घराजवळच आहे गं, पण घर दिसतच नाहीये."

"काय दिसतंय मग?"

"आमच्या कंपनीचा फलक आहे समोर. ही जागा मीच निवडली होती. इथे गाड्या हलत नाहीत ना, लोक सगळं नीट वाचतात..."

तेवढ्यात धडधड आवाज झाला. बाहेरून बशंदी त्याच्या गाडीचा टप बडवत होता, ते फोनमधून मलाही ऐकू आलं.

"साहेब, वाचून झालं असेल तर ऐका! त्या फलकामागे तुमची आई राहते!"

जन्म या घरात गेला, पण पोराने ते कधी पुलावरून पाहिलंच नव्हतं. कचेरीत बसून नकाशावर खूण केली आणि आईची गॅलरी झाकून टाकली. आता आई आणि सुई यांच्यात फक्त ते कापड होतं. पुलावरून खाली उतरायचं तर नदीपलीकडे जाऊन वळून यायला हवं, आणि पुढची गाडी तसूभर हलेना.

हाज्जाने भाजीची सुरी घेतली. भिंत धरत गॅलरीत आली आणि कापड टरकावलंच. काठीच्या टोकाला मी, भोकातून बाहेर डोकावले आणि बघते तर काय! फलकावर हसणारं कुटुंब, मागे हिरवळ, वर सूर्य, आणि मी बापाच्या पांढऱ्याशुभ्र दातांतून बाहेर आलेली. खाली मोठ्या अक्षरांत लिहिलेलं: 'खिडकी उघडा, उद्या पाहा.' पूलभर लोक हसले. रिफअत तेवढा हसला नाही. गाडीतून उतरून त्याने इंजेक्शनं माझ्यात ठेवली. त्याचा हात माझ्यात बराच वेळ राहिला.

तो घरी पोचला तोवर हाज्जाला जरा हुशारी आली होती. तो गॅलरीत बसला, इकडे तिकडे बघितलं.

"आई, केवढा हा अंधार!"

"तुझ्या चित्राची पाठ आहे ती, बाळा. पुढून छान दिसतं म्हणे."

तो रडला. अगदी लहान पोरासारखा. म्हणाला, "उद्याच्या उद्या काढायला लावतो." हाज्जाने त्याच्या डोक्यावरून हात फिरवला आणि मीही, टोपली असून, हुरळून गेले.

दुसऱ्या दिवशी तो खरंच माणूस घेऊन आला. त्या माणसाने दातांतलं फाटकं भोक चौकोनी कापलं, कडेने शिवण घातली, पितळी कड्या ठोकल्या. मग सामान आवरून निघून गेला.

"कंपनीचे साहेब म्हणाले, हंगाम संपेपर्यंत फलक हलणार नाही," रिफअत जमिनीकडे बघत म्हणाला. "पण टोपली जाते ना, आई?"

हाज्जाने भोकाकडे बघितलं, मग मुलाकडे.

"जाते रे. बस, जेवून जा."

भोक अगदी माझ्या मापाचं झालंय. सूर्याचं माप कोणी घेतलं नव्हतं. तो हंगाम संपला, दुसरा लागला, फलक आहे तिथेच आहे. हाज्जाने घर सोडलं नाही. भाजी येते, सुई येते, बशंदीशी भांडण होतं, फक्त त्याचं तोंड तिला दिसत नाही.

तर मंडळी, कधी आमच्या पुलावर अडकलात, अडकालच म्हणा, आणि हसऱ्या माणसाच्या तोंडातून मी बाहेर आलेली दिसले, तर खुशाल हसा. पण हसून झालं की माझ्यात काहीतरी घाला, आणि मोठ्याने एक हाक मारा. मागे भर दुपारी दिवा लावून एक बाई वाटाणे सोलत बसलेली असते.