बाबांनी चिकटवलेलं रबर

बॅट तपासणाऱ्या बाईंनी माझी टेबल टेनिसची बॅट यंत्रावर ठेवली आणि लाल दिवा लागला. त्यांनी परत ठेवली. परत लाल.

"गोंद कुठला वापरलात?"

"नेहमीचाच. चालतो तो."

त्यांनी बॅट माझ्या नाकाखाली धरली. पंक्चरच्या दुकानाचा वास. मी मागे वळले. बाबा छताकडे बघत होते.

"बाबा."

"अगं, कड सुटली होती. म्हटलं, सगळंच रबर काढून नीट चिकटवू."

"कशानं?"

"आपल्या जुन्या सोल्यूशननं. चेंडू कसला सुटतो त्यानं! आम्ही सगळे त्यावरच खेळलो."

त्याच्या विषारी वाफांमुळे त्या सोल्यूशनवर कधीचीच बंदी आलीय. बाबांना ते माहीत नाही असं नाही, पटलेलं नाही. आणि त्यांना न पटलेला नियम आमच्या घरात नसतोच. संघात एकच जागा उरली होती आणि ती या सामन्यावर ठरणार होती. हरले असते तर या वयात मला पुन्हा कुणी चाचणीलाही बोलावलं नसतं.

बाबा बाईंशी हुज्जत घालायला लागले. "तुमच्या जन्माआधीपासून खेळतोय मी."

"मग दमला असाल काका, बसा," बाई म्हणाल्या.

माझी बॅट बाद झाली. जवळची दुसरी बॅट दोन्हीकडून सपाट रबराची. माझा सगळा खेळ दाणेदार रबरावर उभा. समोरचीनं दिलेली फिरकी त्यावरून उलटी होऊन जाते आणि ती गोंधळते. आता गोंधळायची पाळी माझी. पहिला गेम गेला. दुसराही गेला.

प्रशिक्षकाच्या खुर्चीत बाबा. "मनगट सैल सोड. तुझे पाय झोपलेत. परवा मी काय सांगितलं होतं?"

"बाबा, उठा."

"काय?"

"खुर्ची सोडा. वर जाऊन प्रेक्षकांत बसा."

"लोक बघतायत."

"बघू देत."

ते उठले. पण गप्प जातील तर बाबा कसले. जाता जाता म्हणालेच, "सर्व्हिस आखूड टाक. तिला पुढं यायचा कंटाळा आहे."

डोकं फिरलं ते या गोष्टीनं, की ते बरोबर होतं. मी दात खाऊन आखूड सर्व्हिस टाकत राहिले. ती पुढं येऊन अडखळत राहिली. पुढचे दोन गेम मी घेतले आणि शेवटचा, पाचवा, अगदी घासून जिंकला.

निवड समितीचे सचिव आले. "अभिनंदन. एक प्रशिक्षक सोबत नेता येईल. वडीलच येतील ना?"

बाबा जिन्यात कुणाला तरी सांगत होते, "मीच म्हटलं तिला, आखूड टाक." सचिवांचा प्रश्न ऐकून ते थांबले.

"नाही," मी म्हणाले. "दुसरं कुणीतरी बघते."

बाबा खाली आले. नेहमीप्रमाणे त्यांनी माझी बॅग खांद्याला लावली.

"द्या इकडे."

"राहू दे गं. खांदा दुखेल तुझा."

"दुखू दे," मी म्हणाले. त्यांनी पट्टा सोडला नाही. मी ओढून घेतला.