करंगळीएवढी फट

मित्रांनो, मी जमिनीवर अंथरलेल्या फळ्यांतली भिंतीकडेची फळी. खोलीच्या मधोमध बसलेल्या माझ्या बहिणींचं कौतुक सगळे करतात, माझ्याकडे ढुंकूनही कुणी बघत नाही. बघू नका! पण आम्हाला बसवणाऱ्या उज्वलाच्या कामाचं खरं काय ते मला ठाऊक आहे, आणि ते सांगितल्याशिवाय मी राहणार नाही.

माझी जात मिश्र आहे. वर खऱ्या सागाचा पातळ थर आणि पोटात दगडाची भुकटी व प्लास्टिक दाबून केलेला गाभा. पाण्याने मी फुगत नाही. माण गावच्या बापूसाहेबांनी दुकानात मला हातात घेतलं आणि तोंड वाकडं केलं.

"वरनं लाकूड, आतनं दगड. एक ना धड, भाराभर चिंध्या!"

"बापूसाहेब, तुमची खोली भाताच्या खाचरावर बांधलीया," उज्वला म्हणाली. "खालनं ओल येती. मागची लाकडी जमीन एका पावसाळ्यात फुगली, इसरला व्हय? हीच घ्या."

ही उज्वला कासार आंबोलीच्या म्हसू धनगराची लेक. हिंजवडीत एका मिस्त्रीच्या हाताखाली चार वर्षं तिने फळ्या उचलून दिल्या, आणि देता देता बसवायलाही शिकली. बापूसाहेबांची भाड्याची खोली हे तिचं स्वतःचं पहिलं काम. ते म्हणाले होते, "ही एक नीट झाली, तर वरच्या चारबी तुलाच." त्या चार खोल्यांवर तिचं नाव उभं राहणार होतं, नाहीतर बुडणार होतं.

आम्हाला खोक्यांतून खोलीत आणलं आणि तिने आम्हाला नुसतं आडवं ठेवून दिलं. दोन दिवस! तोवर पातळी मोजायची पाणसळ घेऊन ती जमिनीवर रांगत होती. जिथे खड्डा तिथे भर घातली, उंचवटा घासला, ओल वर येऊ नये म्हणून जाड प्लास्टिक अंथरलं. बापूसाहेब दारात येरझाऱ्या घालत होते.

"पाहुनचार चाललाय का फळ्यांचा? रविवारी भाडेकरू यायचेत!"

"येऊ द्या. हितली हवा फळ्यांच्या अंगाला लागली पायजे. त्याच्या आदी मी एकबी बसवणार न्हाई."

मला तर हसूच आलं. पोरगी आमच्यापेक्षा टणक निघाली!

मग एकीच्या खाचेत दुसरी अडकत आम्ही बसलो. मी सगळ्यात शेवटी, तीही उभी कापून. माझ्या आणि भिंतीच्या मध्ये तिने लाकडी पाचरी ठेवल्या आणि काम संपल्यावर काढून घेतल्या. तिथे करंगळीएवढी फट दिसली. चारही भिंतींना तशीच.

"ही फट राहिली की गं," बापूसाहेब म्हणाले.

"राहिली न्हाई, ठेवलीया. उन्हाळ्यात ह्यांचं अंग वाढतं. वरनं पट्टी मारली की झाकंल. पर आत काय भरू नका."

"पट्टी माझा सुतार मारंल. तू जा."

ती गेली. आता शेतातल्या माणसाला घरात फट बघवते का? फट म्हणजे विंचवाला आमंत्रण, हे बापूसाहेब लहानपणापासून ऐकत आलेले. दुसऱ्या दिवशी दुपारी थापी घेऊन ते स्वतःच बसले आणि चारही बाजूंनी पांढरं सिमेंट भरून टाकलं. वर पट्टी मारून घेतली. त्यांच्या मनात काही वाईट नव्हतं, पण माझा श्वास कोंडला. मला तोंड असतं तर मी बोंब मारली असती!

चैत्र लागला. पश्चिमेच्या खिडकीतून ऊन आत येऊ लागलं. आम्ही प्रत्येकीने केसभर अंग वाढवलं, आणि भिंत काही सरकेना. मग मधल्या बहिणी मांजराने पाठ उचलावी तशा वर आल्या. भाडेकरू मुलगी ठेच लागून पडली. बापूसाहेबांनी फोन करून उज्वलाला बोलावलं आणि ती दारात चप्पल काढते न काढते तोच बरसले.

"बघ तुजं काम! मेंढरं राखनाऱ्याच्या पोरीला खोली दिली, हेच चुकलं माजं. वरच्या खोल्या इसर आता."

उज्वलाचा चेहरा उतरला. मला फार वाईट वाटलं. पण ती रडली नाही, भांडलीही नाही.

"आदी काम बघती. मग बोला."

उंचवट्यापाशी ती थांबलीच नाही. नीट माझ्याकडे आली, पटाशी घालून पट्टी उचकटली आणि बघत राहिली.

"हे कुनी भरलं?"

बापूसाहेब छताकडे बघू लागले. चहा घेऊन आलेल्या त्यांच्या पत्नी रत्नाबाईंनी कप खाली ठेवला.

"अवो, सांगा की! हात दाखवून अवलक्षण!"

"इंचू येतोय म्हनून..." बापूसाहेब पुटपुटले.

उज्वलाने बाह्या सारल्या. छिन्नी-हातोडी घेऊन भिंतीभिंतीने ती दिवसभर सिमेंट फोडत राहिली. हाताला फोड आले तरी उठली नाही. शेवटचा तुकडा निघाला तसं माझं अंग मोकळं झालं, आणि अंधार पडेपर्यंत मधल्या बहिणी हळूहळू खाली बसल्या. एकीची खाच तुटली होती. तिच्या जागी उज्वलाने माळ्यावरची फळी आणली. उरलेल्या तीन फळ्या जपून ठेवायला तिनेच सांगितलं होतं ना!

मित्रांनो, आता रत्नाबाई भाडेकरूंच्या खोलीत स्वतः येऊन मला पिळलेल्या फडक्याने पुसतात. बादली ओतत नाहीत, कारण मी फुगले नाही तरी सांध्यांतून खाली गेलेलं पाणी कुबट वास सोडतं. फरशी धुवायचं अ‍ॅसिड तर दाराबाहेरच असतं. खाटेच्या पायांना त्यांनी जाड कापड लावलंय. एवढंच करा, मी तुमच्या नातवंडांनाही खेळवीन. आणि माझी फट मात्र मला द्या.

परवा वरच्या मजल्यावर पहिल्या खोलीचं काम संपत आलं होतं. बापूसाहेबांनी आपला पहिला शब्द पाळला होता, उज्वलाच बसवत होती. ती चहाला खाली आलेली असताना भिंतीची डागडुजी करणाऱ्या गवंड्याने फट पाहिली आणि सिमेंटचा माल घेऊन थापी उचलली. तेवढ्यात बापूसाहेबांचा आवाज मला इथे खाली ऐकू आला.

"ए, थांब की रं! फट राहिली न्हाई ती. म्हसूच्या उज्वलानं ठेवलीया!"