हबीब पेंटरचा रस्ता

मी एक जुना पडदा आहे. नाटकात नटांच्या मागे सोडतात ना, तो रंगवलेला. सध्या मला घडी घालून कोंबून ठेवलं आहे, तेव्हा मित्रांनो, माझ्याकडून गोड बोलण्याची फार अपेक्षा ठेवू नका.

माझा जन्म १९८४ सालचा, पाचोऱ्याचा. भडगावच्या एका नाटक मंडळाला हबीब पेंटर पडदे करून देत असे. नुसते पडदेच नाहीत, राजाचं सिंहासन, तुरुंगाचे गज, पुठ्ठ्याचं देऊळ, नाटकाला लागेल ते सगळं तो उभं करी. याला नेपथ्य म्हणतात. पोटासाठी तो टॉकीजचे बोर्ड रंगवायचा आणि उरलेल्या वेळात हे. त्याच्या अंगणात मांजरपाटाचं जाड कापड ताणलं, त्याच्या बायकोने, जरीनाने, रंग धरून ठेवणारा चिकट सरस चुलीवर उकळला, त्यात रंग कालवले आणि मी झालो.

राजवाड्याचा पडदा काय, कुणाकडेही असतो. माझ्यावर पाचोऱ्याचा खराखुरा रस्ता होता. टांगा, केळीची गाडी, पानाची टपरी आणि उजव्या टोकाला एक लहानसं दुकान. दुकानाच्या पाटीवर लिहिलं होतं, "हबीब पेंटर, पाचोरा". पडदा करणाऱ्याने कोपऱ्यात आपलं नाव टाकायचं, ही या धंद्याची रीत. बाकी सगळा मी पाण्याच्या रंगांचा, पण ती पाटी, नावासकट, त्याने तेलरंगात रंगवली, पक्की.

मी उलगडलो की टाळ्या पडत. नट अजून आत तोंडं रंगवत बसलेले आणि टाळ्या मला! नटांना ते खपत नसे. मला मात्र फार आवडे. खेळ संपल्यावर हबीब मला बांबूवर गुंडाळायचा आणि मंडळाच्या पोरांना बजावायचा, "घडी घालानी नही. रंग फुटी जास."

१९८७ साली मंडळ धुळ्याच्या नाट्यस्पर्धेत उतरलं. परीक्षकांत मुंबईचे एक सिनेमावाले होते आणि चांगला नेपथ्यकार दिसला तर ते त्याला कामाला नेणार होते. हबीबचं जेवणात लक्ष लागेना. त्याला सिनेमाचे बोर्ड रंगवायचे नव्हते, सिनेमातली घरं बांधायची होती.

आदल्या दिवशी मंडळाचे अध्यक्ष रुपचंदनाना अंगणात आले.

"हबीब, पाटीवरनं नाव पुसी टाक. परीक्षकले नाव दिसनं का नाटक बाद करतस. तुनं नाव मी फारममा लिखेल शे."

"हा, नाना."

नाना गेल्यावर जरीनाने विचारलं, "फारम देखा क्या आपने?"

"नाना झूठ थोडी बोलेंगे."

आणि त्या भोळ्या माणसाने स्वतःच्या हाताने, पाण्याच्या निळ्या रंगाने, आपलं नाव झाकून टाकलं.

धुळ्यात नेपथ्याचं पहिलं बक्षीस जाहीर झालं, ते चुडामणला. चुडामण म्हणजे नानांचा पुतण्या. माझ्यासाठी त्याने आयुष्यात एकच काम केलं होतं, मला एसटीच्या टपावर चढवलं होतं. नानांनी फॉर्मवर त्याचंच नाव भरलेलं. सिनेमावाले परीक्षक मंचावर आले, त्यांनी माझ्यावरून हात फिरवला.

"हा रस्ता कोणी काढला?"

"आमच्या चुडामणने," नाना म्हणाले.

दोरी बांधायला तिथे खुंटी नव्हती, म्हणून माझ्यामागे दोन हात अंतरावर हबीब दोरी धरून उभा होता. त्याने ती सोडली असती तर मी बांबूसकट त्या तिघांच्या डोक्यावर पडलो असतो. मी वाट पाहिली. त्याने सोडली नाही. त्याचा मला अजून राग येतो.

चुडामण मुंबईला गेला. हबीब पुन्हा बोर्डांकडे वळला, पुढे तेही काम आटलं, मग ट्रकच्या पाठीवर नंबर लिहू लागला. मी मंडळाच्या माळ्यावर पडून राहिलो. वरची टाकी गळायची आणि पाणी वर्षानुवर्षं माझ्या उजव्या टोकावर ठिबकायचं.

१९९६ साली भडगावात "प्रसिद्ध कलादिग्दर्शक चुडामण" यांचा सत्कार ठरला. त्यांच्यामागे त्यांचा "पहिला पडदा" सोडायचा, असंही ठरलं. पण दोरी लावता येणारा माणूस एकच. हबीबला निरोप गेला आणि पांढऱ्या केसांचा हबीब आला.

मी उलगडलो. गळक्या टाकीने माझं उजवं टोक धुऊन काढलं होतं. निळा रंग वाहून गेला होता आणि पाटीवर लख्ख दिसत होतं, "हबीब पेंटर, पाचोरा". भरल्या सभेत! नानांचा चेहरा पडला. चुडामणचा हात गळ्यातल्या हारावर थिजला. मला वाटलं, नऊ वर्षांनी का होईना, निवाडा झाला.

पहिल्या रांगेतल्या एका पाहुण्यांनी पाटी मोठ्याने वाचली आणि ते म्हणाले, "वा चुडामणराव! दुकानाची पाटीसुद्धा किती हुबेहूब काढलीत!"

टाळ्या थांबेचनात. चुडामणने हात जोडले.

मागे हबीबने सगळं ऐकलं. या वेळी दोरी खुंटीला होती, गाठ त्यानेच मारलेली. त्याने ती एकदा चाचपून पाहिली, चपला पायांत सरकवल्या आणि जाताजाता पोरांना म्हणाला, "घडी घालानी नही."

पोरांनी घडीच घातली. घडी बरोबर नावावर आली आहे आणि तेलरंगालाही आता चीर पडते आहे.

मित्रांनो, पडदे गुंडाळून ठेवावेत, एवढं तरी शिका. आणि एखादा रस्ता आवडला तर टाळी वाजवण्याआधी जरा मागे जा. तिथे दोरी धरून कुणीतरी उभा असेल, त्याला त्याचं नाव विचारा. माझ्यावर तर ते लिहिलेलं होतं. सगळ्यांनी वाचलं, आणि कुणीही मागे आलं नाही.