पांढरी भिंत

आमच्या उजेडपंथाची शिकवण एकच: भिंतीला स्वतःचा रंग नसतो, उजेड देईल तो तिचा. म्हणून घरात एक भिंत पांढरीशुभ्र ठेवायची आणि रोज सकाळी शिष्यांनी तिच्यासमोर बसून त्या दिवसाचा उजेड ओळखायचा. चुना आमचे हे स्वतः लावत. मोतीबिंदूमुळे यांना भिंत पिवळट दिसू लागली, तशी ते चुन्यात नीळ वाढवत गेले.

ऑपरेशननंतर पट्टी निघाली, तेव्हा हे भिंतीसमोर बसले.

“अगं, ही तर निळीशार आहे!”

“हो. सांगायला गेले की तुम्ही म्हणायचात, तुला उजेडातलं काय कळतं?”

हे शिष्यांकडे वळले. “आणि तुम्ही रे? रोज बघत होतात ना?”

थोरला शिष्य, शिंपी, चाचरत म्हणाला, “गुरुजी, आम्हाला वाटलं, उजेडच तसा पडतोय.”

यांचा चेहरा उतरला. “म्हणजे माझं सगळं शिकवणं फुकट गेलं. पंथ बंद करू या.”

“शिकवणं राहू द्या, आधी चुना कालवा,” मी म्हणाले आणि शिष्यांच्या हाती कुंचले दिले.

दुसऱ्या सकाळी सगळे पांढऱ्या भिंतीसमोर बसले. शिंप्याने डोळे बारीक केले.

“गुरुजी, आज उजेड जरा फिका पडलाय.”