कात्रीखाली गेलेली फजिती

मित्रांनो, कुरुंद्याच्या शाळेतल्या लोखंडी कपाटात राहणारी मी सिनेमाची एक जुनी रीळ आहे. आवाज नसलेला, काळापांढरा व्यंगचित्रपट माझ्या अंगावर आहे. एक ढेरपोट्या स्वयंपाकी कोंबडीमागे धावतो, शिडीवर चढतो, शिडी मोडते आणि तो थेट रश्श्याच्या पातेल्यात बसतो. त्या एका पडण्यासाठी दूरदेशी कुणीतरी शंभरावर चित्रं हातानं काढली होती!

चित्रकलेचे वैजनाथ गुरुजी खिडक्यांना घोंगड्या लावून मला पडद्यावर दाखवत. पोरं पोट धरून हसत. सहावीतल्या सृष्टीला ऐकू येत नाही. एरवी ती दुसऱ्यांचे चेहरे बघून मागाहून हसायची. माझ्यासमोर मात्र सगळ्यांच्या आधी हसायची.

गुरुजी निवृत्त झाले आणि मी कपाटात गेले. यंदा स्नेहसंमेलनाच्या वेळी हरीश सरांनी मला बाहेर काढलं. वाटलं, आपले दिवस पालटले. पण त्यांच्या हातात कात्री होती!

"मुका पिच्चर आता कोन पाहून राहिलं? मंडपाला माळा करू," ते म्हणाले.

कचाकच तुकडे पडले. अंगाचा नुसता भडका उडाला. पण ओरडायला मला आवाज कुठला?

तेवढ्यात सृष्टी धावत आली आणि तिनं मला पोटाशी धरलं. मागोमाग शाळेत खिचडी शिजवणारी तिची आई, जिवनबाई, आली.

"सर, काहून कापून राहिले? माझ्या लेकराला ऐकू येत न्हाई. ह्या एका पिच्चरला ती समद्यांच्या बराबर हसते. तेवढं बी कापता व्हय?"

सरांनी कात्री ठेवली. चुकलं म्हणाले नाहीत. "मला कुणी सांगितलंच न्हाई," म्हणाले. म्हणजे मी बोलले नाही, हा दोष माझाच!

गुरुजींना बोलावलं. त्यांनी उरलेले तुकडे चिकटवले, पण पडण्याचा भाग पार चिंधड्या झाला होता. वर्गात मला लावलं, तर पडद्यावर स्वयंपाकी शिडीवर दिसला आणि लगेच पातेल्यात. कुणाला काही कळेना. कुणी हसलं नाही.

मग सृष्टी उठली. पडद्यासमोर बाकावर चढून तिनं हात भिरभिरवले, पाय लटपटवले आणि धपकन सतरंजीवर बसली. अख्खा वर्ग खदखदून हसला. हरीश सरसुद्धा!

मला बरं वाटलं, पण राग गेला नाही. तिला ते पडणं पाठ होतं म्हणून वाचलं. ती शाळा सोडून गेल्यावर नव्या लेकरांना कोण करून दाखवणार?

मित्रांनो, जुनं दिसलं की लगेच हत्यार उचलू नका. आधी विचारा, याच्यावर कुणाचा जीव आहे. एकदा लावून बघा तरी. नाही आवडलं, तर डब्यात झाकण लावून ठेवून द्या. पण कापू नका!