धाकटीची झील

जयवंता गुडघाभर पाण्यात उभी राहून सडलेला पालक उपटत होती आणि तिची थोरली जाऊ केसरबाई बांधावर बसून मिश्री लावत होती. एरवी केसरबाईची मिश्री पाच मिनिटांत उरकायची. त्या दिवशी अर्धा तास चालली.

"अक्का, तुमच्या रानातलं पानी हिकडं सोडायलात का?" जयवंता खालून ओरडली.

"पानी काय माझ्या बापाचं हाय? त्या इमारतीतून येतंय. जा, त्यांच्यासंग भांड!"

खोटं नव्हतं ते. सासरे नांदेडकडून आले तेव्हा कुकटपल्लीच्या पलीकडं नुसतं माळरान आणि चेरुवू, म्हणजे तळं. तळ्याकाठी त्यांनी भाजीचं रान धरलं, वरचा तुकडा थोरल्या लेकाला, खालचा धाकट्याला. आता चहूबाजूंनी इमारती उठल्या होत्या आणि सगळ्यांचं पाणी जयवंताच्या पालकात. त्यात गुरुवारी मोजणी ठरली होती. ज्या रानात पाणी उभं दिसेल ते तळ्याचं, तिथं सरकारी दगड बसणार. जयवंता विधवा बाई, ते रान गेलं की तिच्याकडं हातपाय सोडून दुसरं काही उरणार नव्हतं.

उपाय एकच होता आणि तो दोघींच्या गळ्यात होता. या घरच्या बायका भुई गाऊन हलवत. खड्डा भरायचा, उतार सपाट करायचा, सगळं गाण्यावर. पण सासू मोठी बेरकी. तिनं मुखडा थोरलीला दिला आणि झील, म्हणजे मागून धरायची साथ, धाकटीला. एकटीनं कितीही घसा फोडला तरी ढेकूळ हलत नसे. सुना भांडून वेगळ्या होऊ नयेत म्हणून केलेली ही तजवीज. वर सासू येणाऱ्या-जाणाऱ्याला सांगायची, "गळा म्हनशील तर धाकटीचाच गोड." ते केसरबाई ऐकत आली होती.

तेही तिनं सोडलं असतं. पण तिचा स्वतःचा नवरा निवृत्ती वारला त्या सकाळी जयवंतानं आधी पालकाच्या जुड्या बांधल्या, बाजार गाठला आणि दुपारी रडायला आली. ते केसरबाई विसरली नव्हती, विसरणारही नव्हती.

सोमवारी जयवंतानं पदर पसरला. "अक्का, मागचं पोटात घाला. एकदा मुखडा धरा."

"बघू. आधी माझी मेथी खुरपून दे."

जयवंतानं दोन दिवस मेथी खुरपली. केसरबाईनं तिला पाणीसुद्धा विचारलं नाही. बुधवारी दुपारी मात्र ती गोड आवाजात म्हणाली, "जयवंते, माझा घसा बसलाय. मुखडा तूच धर. मी झील धरते."

जयवंता बघतच राहिली. तीस वर्षं तिनं चिखलात उभं राहून झील धरली होती आणि थोरली उंचवट्यावर. मान म्हणून थोरली वर उभी राहते, अशीच तिची समजूत.

"खरं म्हनता, अक्का?"

"खरं तर! ज्याचा मुखडा, त्याचं रान. तू तुझ्या रानात उभी ऱ्हा, मी माझ्या."

खरी गोष्ट सासूनं मरताना एकट्या थोरलीच्या कानात सांगितली होती. मुखडा धरणारीच्या पायाखालची माती झील धरणारीच्या पायाखाली जाते. म्हणून ती वर उभी राहायची.

जयवंतानं पदर खोचला आणि आवाज लावला.

"ऊठ गं काळी माय, पदर सावर,
सरक गं काळी माय, कूस आवर..."

"सावर माय, सावर," केसरबाईनं वरून झील दिली.

काय गायली जयवंता! रस्त्यावरचा भाजीवाला गाडा थांबवून ऐकत राहिला. आणि तिच्या पायाखालची भुई खचत गेली. पाणी मांडीला लागलं, मग कमरेला. वर केसरबाईचं रान फुगून हातभर, दीड हात उठलं.

"अक्का, हे उलटं कामून व्हायलंय?"

"तुझा सूर हुकला, दुसरं काय! सासूबाईंनी उगीच डोक्यावर चढवलं तुला."

कमरेएवढ्या पाण्यात जयवंता स्वतःच्याच थोबाडीत मारून घेऊ लागली. केसरबाईला इतकं बरं कित्येक वर्षांत वाटलं नव्हतं.

गुरुवारी मोजणीवाले आले. जयवंताच्या रानाकडं त्यांनी नुसतं पाहिलं आणि बांधालगत दगड रोवला. मग साहेब वर चढला, बुटाच्या टाचेनं माती उकरली, हातात घेऊन चुरगाळली.

"क्या अम्मा, चेरुवू के बाजू मट्टी डालके ऊंचा करे? ताजी मट्टी है ये."

"न्हाई साहेब, गाऊन आणली ती," केसरबाईच्या तोंडून निघून गेलं.

साहेब हसला. तिचा मुलगा विकास ऑफिसला दांडी मारून आला होता, त्याचं तोंड उतरलं. "आई, काय बोलायलीस? ते इल्लीगल फिलिंग म्हणायलेत. आत्ताच जेसीबी येणार, सगळं काढणार. जमिनीचा पट्टाच कॅन्सल करणार."

केसरबाई धावत खाली आली. जयवंता दगडाला टेकून हाती लागलेल्या ओल्या पालकाच्या जुड्या बांधत होती.

"जयवंते, ऊठ! मी मुखडा धरते, तू झील धर. माती तुझी तू परत घे. यंत्र यायच्या आत भुई होती तशी करू."

जयवंताचे हात थांबले. "म्हंजी माती झील धरनारीकडं येती व्हय?"

जयवंतानं जुडीला गवताची गाठ मारली, दातानं ओढून घट्ट केली.

"माझा तर सूर हुकतो, अक्का. अन् ह्या जुड्या न्यायच्यात, बाजार गाठायचाय. दुपारी रडाया येते मी."

केसरबाईनं एकटीनंच मुखडा धरला. बसलेला म्हणून सांगितलेला तो घसा खरोखरच बसेपर्यंत ती गात राहिली. भुई बोटभरसुद्धा हलली नाही. जेसीबीनं मात्र भरपूर हलवली. भराव कुठं संपला आणि सासऱ्यांची मूळची माती कुठं सुरू झाली, हे यंत्राला कोण सांगणार? मेथीसकट सगळं उचललं, तळ्याच्या पातळीला नेलं आणि दुसरा दगड रोवला.

जयवंता बोलल्याप्रमाणे दुपारी आली. रिकामी टोपली उपडी घालून तिच्यावर बसली, डोळ्याला पदर लावला आणि गळा काढून रडली. भाजीवाल्यानं पुन्हा गाडा थांबवला. बाईचा गळा गोडच होता.